साक्षीदाराचा चेहरा वाचता येतो का?

साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहिला, शपथ झाली, सरतपासणी संपली, उलटतपासणी सुरू झाली. तो जे बोलतो ते कागदावर उतरते. पण प्रश्न ऐकताच त्याने गिळलेला आवंढा, उत्तराआधीचा लांबलेला क्षण, वकिलाकडे बघता बघता आरोपीकडे वळलेली नजर, यांचे काय? ते कुठे उतरते?

कायद्याने कोऱ्या ठेवलेल्या ओळी

त्यासाठी कायद्यात स्वतंत्र तरतूद आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ३१५, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम २८०, सांगते की साक्ष नोंदवताना साक्षीदाराच्या वागण्याबद्दल, हावभावांबद्दल न्यायाधीशाला जे महत्त्वाचे वाटेल त्याचा शेरा त्याने नोंदवावा. दिवाणी दाव्यांसाठी अशीच मुभा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश १८, नियम १२ मध्ये आहे.

अपिलाची अख्खी रचनाही काही अंशी या नजरेवर उभी आहे. वरच्या कोर्टापुढे फक्त कागद जातात. माणूस पाहिलेला असतो तो खालच्या न्यायाधीशाने. म्हणून साक्षीदार खरा की खोटा याबद्दलचे त्याचे मत वरच्या कोर्टाने सहजासहजी उलटवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने आपल्या अगदी सुरुवातीच्या वर्षांत, सरजू प्रसाद खटल्यात सांगितले. तो दंडक आजही वापरला जातो.

या सगळ्यामागे एक जुना विश्वास आहे: खोटे बोलणारा माणूस दिसतो. चोराच्या मनात चांदणे असते, आणि ते चेहऱ्यावर पडल्याशिवाय राहत नाही. हा विश्वास कितपत टिकतो, हे पाहण्यासारखे आहे, कारण त्यावर माणसांची आयुष्ये ठरतात.

कर नाही त्याला डर?

चार्ल्स बाँड आणि बेला डिपॉलो या मानसशास्त्रज्ञांनी २००६ साली खोटे ओळखण्यावरचे तोवरचे प्रयोग एकत्र करून तपासले. त्या प्रयोगांत २४ हजारांहून अधिक लोकांनी कोण खरे बोलतो आणि कोण खोटे, याचा अंदाज बांधला होता. बरोबर अंदाजांचे प्रमाण निघाले शेकडा ५४. नाणे उडवून निर्णय घेतला तरी शेकडा ५० बरोबर येतात.

अनुभवी लोकांचे तरी? पॉल एकमन आणि मॉरीन ओसलिव्हन यांनी १९९१ मध्ये अमेरिकेतले न्यायाधीश, पोलीस, मानसोपचारतज्ज्ञ आणि लाय डिटेक्टर चालवणारे अशा लोकांना बोलणाऱ्या माणसांच्या चित्रफिती दाखवल्या. नुसत्या नशिबापेक्षा बरी कामगिरी एकाच गटाची झाली, ती म्हणजे राष्ट्राध्यक्षांच्या संरक्षणाला असलेल्या सीक्रेट सर्व्हिसची. न्यायाधीश त्यात नव्हते.

याचे कारण समजून घेतले की पुढचे सगळे सोपे जाते. शरीर भावना दाखवते, भावनेचे कारण दाखवत नाही. घाम फुटला म्हणजे माणूस घाबरला आहे, एवढे कळते. तो खोटे उघडे पडेल म्हणून घाबरला, की खरे बोलूनही आपल्यावर कुणी विश्वास ठेवणार नाही म्हणून घाबरला, हे घाम सांगत नाही. एकमन यांनी या गफलतीला शेक्सपिअरच्या ऑथेल्लोचे नाव दिले आहे. मराठी रंगभूमीला हा नायक गोविंद बल्लाळ देवलांच्या ‘झुंझारराव’मधून ओळखीचा आहे. संशयाने पेटलेला नवरा समोर उभा असताना बायको भेदरते, आणि ती भेदरली यालाच तो तिच्या पापाचा पुरावा मानतो. निर्दोष बाईही त्या क्षणी भेदरलेलीच दिसणार, हे त्याच्या लक्षात येत नाही.

आपल्याकडे म्हणतात, कर नाही त्याला डर कशाला. कोर्टाची पायरी चढलेल्या कुणालाही विचारा, डर असते. उंचावर बसलेले साहेब, काळे कोट, न कळणारी भाषा, मागच्या बाकावर बसलेली समोरची पार्टी, आणि सकाळी दहापासून ताटकळून दुपारी तीनला झालेला पुकारा. यात गावाकडून आलेला साधा माणूस अडखळला तर नवल नाही. न अडखळणारा सराईत असण्याचा संभव जास्त. सर्वोच्च न्यायालयाने १९७१ च्या मात्रू खटल्यात तर गुन्ह्यानंतर पळून जाण्याबद्दलही हेच सांगितले: गंभीर गुन्ह्यात आपले नाव येते आहे असे दिसल्यावर निर्दोष माणूसही घाबरून पळू शकतो. नुसते फरार होणे हा गुन्ह्याचा पुरावा नव्हे.

नजर चुकवणे म्हणजे खोटे बोलणे, ही समजूत जगभर आहे. ५८ देशांत केलेल्या एका पाहणीत जवळपास दोन-तृतीयांश लोकांनी खोटे बोलणाऱ्याची ही खूण सांगितली. प्रत्यक्ष प्रयोगांत मात्र नजरेचा आणि खोटेपणाचा म्हणण्यासारखा संबंध सापडत नाही. उलट, समोरचा आपले डोळे बघतो आहे हे ठाऊक असलेला लबाड माणूस डोळ्याला डोळा भिडवूनच बोलतो.

न रडलेली आई

१७ ऑगस्ट १९८०. ऑस्ट्रेलियातल्या उलुरू या महाकाय खडकाजवळ, तेव्हाच्या नावाने एअर्स रॉकजवळ, चेंबरलेन कुटुंब तंबू ठोकून राहिले होते. रात्री लिंडी चेंबरलेन तंबूकडे गेली आणि ओरडली की डिंगोने, म्हणजे तिकडच्या रानकुत्र्याने, बाळ नेले. अझारिया ही तिची मुलगी नऊ आठवड्यांची होती. ती परत मिळाली नाही.

पुढचे महिनोन्‌महिने लिंडी टीव्हीवर दिसत राहिली. ती शांत बोलायची, डिंगो कपड्यांचे काय करतो याचे तपशीलही न थबकता सांगायची. देशाला रडणारी आई हवी होती. ती कॅमेऱ्यासमोर रडत नाही, नीटनेटके कपडे करते, एवढ्यावर घराघरात निकाल लागला. तिच्यावर बाळाच्या खुनाचा खटला चालला, त्यात न्यायवैद्यकाच्या चुका झाल्या. मोटारीत सापडलेले ‘बाळाचे रक्त’ म्हणजे आवाज दाबण्यासाठी कारखान्यात मारलेला फवारा होता, हे फार उशिरा सिद्ध झाले. पण तो कच्चा पुरावा इतक्या सहज पचला, त्यामागे त्या कोरड्या डोळ्यांनी आधीच करून ठेवलेला समज होता, असे मला ठाम वाटते. ऑक्टोबर १९८२ मध्ये तिला जन्मठेप झाली. ती तेव्हा गरोदर होती. पुढचे मूल तुरुंगवासातच जन्मले.

१९८६ च्या सुरुवातीला उलुरूजवळ डिंगोंचा वावर असलेल्या भागात अझारियाचे हरवलेले जाकीट सापडले. त्याचा उल्लेख लिंडी पहिल्यापासून करत होती. तिची सुटका झाली, १९८८ मध्ये शिक्षा रद्द झाली आणि जून २०१२ मध्ये मृत्यूच्या अधिकृत चौकशीत नोंद झाली की बाळाला डिंगोनेच नेले. बत्तीस वर्षे लागली.

दुःखाचा ठरलेला साचा नसतो, हे आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९८३ साली राणा प्रताप विरुद्ध हरियाणा राज्य या खटल्यात फार स्वच्छ शब्दांत मांडले आहे. खून पाहणारा एक साक्षीदार सुन्न होऊन जागीच खिळतो, दुसरा हंबरडा फोडतो, तिसरा पळत सुटतो, चौथा मारेकऱ्यांवर धावून जातो. अमुकच वागणे नैसर्गिक, असा नियम करून साक्ष फेटाळणे बरोबर नाही, असे न्यायालयाचे म्हणणे. मयताच्या घरी कोण किती रडले याची कुजबुज करणाऱ्या प्रत्येकाने हा निकाल वाचावा.

गप्प शरीराचा अर्थ

महाराष्ट्रातले सर्वांत दुखरे उदाहरण देसाईगंजचे आहे. २६ मार्च १९७२ च्या रात्री, तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातल्या या गावी, एका तक्रारीसाठी पोलीस ठाण्यात आणलेल्या आदिवासी मुलीवर दोन पोलिसांनी आत अत्याचार केल्याचा आरोप झाला. तिचे नातेवाईक ठाण्याबाहेर थांबले होते. सत्र न्यायालयाने आरोपींना सोडले. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने शिक्षा दिली. असहायपणे गप्प राहणे म्हणजे संमती नव्हे, असे त्या निकालात म्हटले होते. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर १९७८ मध्ये तो निकाल फिरवला. कारणे काय? तिच्या अंगावर झटापटीच्या खुणा नाहीत. तिला बाजूला नेले जात असताना तिने सोबतच्या माणसांना हाक मारली नाही. म्हणजे तिची संमती असावी.

रात्री, पोलीस ठाण्यात, गणवेशातल्या माणसापुढे उभी असलेली गरीब मुलगी ओरडत नाही, याचा अर्थ त्या निकालाने ‘हो’ असा लावला. भीतीने शरीर थिजते, आवाज फुटत नाही, याला त्या युक्तिवादात जागाच नव्हती.

त्यानंतर जे झाले त्याचा आपल्याला अभिमान वाटायला हवा. उपेंद्र बक्षी, वसुधा धगमवार, रघुनाथ केळकर आणि लोतिका सरकार या कायद्याच्या चार अध्यापकांनी १९७९ मध्ये सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले. निमूट सोसणे आणि संमती यांतला फरक त्यांनी मांडला. देशभर स्त्रिया रस्त्यावर उतरल्या. १९८३ मध्ये पुरावा कायद्यात कलम ११४-अ आले: कोठडीतल्या अत्याचारात संबंध सिद्ध झाला आणि तिने संमती नव्हती असे सांगितले, तर ती नव्हती असेच न्यायालय गृहीत धरेल. २०१३ च्या दुरुस्तीने संमतीची व्याख्याच केली. संमती म्हणजे शब्दांतून, हावभावांतून किंवा अन्य शाब्दिक-अशाब्दिक मार्गाने दिलेला नि:संदिग्ध, स्वेच्छेचा होकार. आणि केवळ शारीरिक प्रतिकार केला नाही म्हणून संमती होती असे मानता येणार नाही. आज हीच व्याख्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ६३ मध्ये आहे.

बालकांच्या साक्षीसाठीही कायदा असाच शहाणा झाला. २०१२ च्या पोक्सो कायद्यानुसार साक्ष देताना मुलाला आरोपी दिसणार नाही, अशी व्यवस्था करावी लागते. ज्याला बघून वाचा बसते तो माणूस समोर ठेवून वर मुलाच्या अडखळण्यावर शेरा मारणे हा अन्याय होता.

गणवेश आणि घड्याळ

दिसण्याची भूल उलट्या बाजूनेही पडते. नौदल अधिकारी कावस नानावटी यांनी २७ एप्रिल १९५९ रोजी मुंबईत आपल्या बायकोचे प्रियकर प्रेम आहुजा यांच्यावर गोळ्या झाडल्या. खटल्यात देखणा, रुबाबदार अधिकारी नौदलाच्या गणवेशात उभा राहिला. ‘ब्लिट्झ’ या साप्ताहिकाने त्याची बाजू उचलून धरली. नऊ ज्यूरींपैकी आठ जणांनी त्याला निर्दोष ठरवले.

सत्र न्यायाधीशांना तो कौल पटला नाही. त्यांनी प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवले. तिथे जन्मठेप झाली आणि १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. सर्वोच्च न्यायालयाने पाहिले ते घड्याळ. दीडच्या सुमारास घर सोडले, बायको-मुलांना सिनेमाला पोहोचवले, जहाजावर जाऊन वेगळेच कारण सांगून रिव्हॉल्व्हर घेतले, आणि गोळ्या झाडल्या चार-वीसला. मधल्या सुमारे तीन तासांत राग आवरायला पुरेसा वेळ होता, त्यामुळे अचानक प्रक्षोभाचा बचाव टिकला नाही. पुरावा तोलणे म्हणजे काय, हे शिकवायला यापेक्षा चांगला धडा मला ठाऊक नाही.

हाताची खूण हाही जबाब

या सगळ्याचा अर्थ खुणा आणि हावभाव निरुपयोगी, असा मात्र नाही. १८८५ सालचा अलाहाबाद उच्च न्यायालयाचा एक प्रसिद्ध निकाल आहे, क्वीन एम्प्रेस विरुद्ध अब्दुल्ला. गळा कापलेली एक तरुणी शुद्धीवर होती, पण बोलू शकत नव्हती. तिला प्रश्न विचारले गेले, नावे घेतली गेली आणि तिने हाताच्या खुणांनी उत्तरे दिली. प्रश्न आणि खुणा मिळून तो तिचा मृत्युपूर्व जबाबच आहे, असे पूर्णपीठाने ठरवले.

ज्यांना बोलता येत नाही त्यांना आज भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम १२५ खाली लिहून किंवा खुणांनी साक्ष देता येते. गरज असेल तर दुभाषा किंवा विशेष शिक्षक दिला जातो आणि जबाबाचे चित्रीकरण होते. राजस्थान राज्य विरुद्ध दर्शन सिंग या २०१२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने बजावले की नुसता अर्थ लिहून भागत नाही; साक्षीदाराने नेमकी कोणती खूण केली तीही नोंदवायला हवी.

खूण आणि घाम यांत हाच फरक आहे. खूण माणूस मुद्दाम करतो, दुसऱ्याला काही सांगण्यासाठी. घाम आपोआप येतो, आणि त्याचा अर्थ बघणारा आपल्या मनाने लावतो.

यंत्राची साक्ष

माणसाला जमत नाही ते यंत्राला जमेल, असे वाटणे साहजिक आहे. लाय डिटेक्टर नाडी, रक्तदाब, श्वास आणि त्वचेचा ओलावा मोजतो. म्हणजे पुन्हा भावनाच, कारण नव्हे. २००८ मध्ये पुण्याच्या सत्र न्यायालयाने एका खुनाच्या खटल्यात मेंदूच्या विद्युतलहरींच्या चाचणीचा अहवाल आरोपीविरुद्ध ग्राह्य धरला, तेव्हा जगभरच्या शास्त्रज्ञांनी भुवया उंचावल्या. पुढे उच्च न्यायालयाने शिक्षा स्थगित करून जामीन दिला.

५ मे २०१० रोजी सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य या निकालाने हा प्रश्न बराचसा मिटवला. नार्को, लाय डिटेक्टर किंवा ब्रेन मॅपिंग यांपैकी काहीही संमतीशिवाय करता येणार नाही. संमतीने केले तरी तो अहवाल स्वतः पुरावा होत नाही; त्यातून पुढे एखादी वस्तू वा माहिती सापडली तर तेवढी कामाला येते.

पाहणारा एक, ठरवणारा दुसरा

आपल्या कोर्टांतली एक अडचण पुस्तकात क्वचित येते. खटले वर्षानुवर्षे चालतात, न्यायाधीश बदलतात, आणि आधीच्या न्यायाधीशाने नोंदवलेल्या साक्षीवर नवा न्यायाधीश निकाल देऊ शकतो. दिवाणी दाव्यांत २००२ पासून सरतपासणी शपथपत्रावर होते आणि उलटतपासणी आयुक्तापुढेही नोंदवता येते. साक्षीदाराचे तोंड न पाहताच निकाल लिहावा लागणे ही त्यामुळे नेहमीची गोष्ट झाली. कलम ३१५ च्या शेऱ्याचे मोल इथे खरे तर वाढायला हवे. पण शेरा लिहिलेला असेल तर ना! आणि तो लिहायचाच असेल तर ‘साक्षीदार खोटा वाटला’ असा नको. ‘या प्रश्नावर साक्षीदार बराच वेळ गप्प राहिला, प्रश्न पुन्हा विचारल्यावर उत्तर दिले’ असा हवा. पुढचा न्यायाधीश मग स्वतः ठरवेल.

व्हिडिओवरच्या साक्षीला आपल्याकडे मान्यता मिळाली ती महाराष्ट्रातल्याच खटल्याने. डॉ. प्रफुल्ल देसाई प्रकरणात २००३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अमेरिकेतल्या साक्षीदाराची पडद्यावरून साक्ष घ्यायला परवानगी दिली. पडद्यावर साक्षीदाराचे हावभाव चांगले दिसतात आणि चित्रण पुन्हा पाहता येते, हाही त्यातला एक विचार होता.

घरात, वर्गात, मुलाखतीत

तालुक्याच्या गावापर्यंत पोहोचलेल्या व्यक्तिमत्त्व विकासाच्या वर्गांत एक आकडा हमखास सांगतात: संवादात शब्दांचा वाटा फक्त ७ टक्के, बाकी ९३ टक्के आवाज आणि देहबोली. हा आकडा अल्बर्ट मेहराबियन यांच्या १९६७ च्या प्रयोगांवरून आला. त्यांत सुटे सुटे शब्द निरनिराळ्या स्वरांत ऐकवून बोलणाऱ्याला समोरचा आवडतो की नाही, एवढेच ओळखायचे होते. सगळ्या संवादाला तो लावू नये, हे मेहराबियन यांनी स्वतः सांगितले आहे. ९३ टक्के अर्थ शब्दांबाहेर असता तर हा लेख वाचून तुम्हाला काय कळले असते?

पहिल्या नजरेत काही कळतच नाही, असेही नाही. भारतात जन्मलेल्या नलिनी अंबाडी यांनी रॉबर्ट रोझेंथल यांच्यासोबत १९९३ मध्ये दाखवले की शिक्षकांच्या तीस सेकंदांच्या मूक चित्रफिती पाहून अनोळखी लोकांनी केलेले मूल्यमापन सत्राअखेरीच्या विद्यार्थ्यांच्या मतांशी बऱ्यापैकी जुळते. म्हणजे उत्साह, आपुलकी, आत्मविश्वास दिसतो. प्रामाणिकपणा मात्र असा दिसत नाही.

आपल्या घरांत तर एकाच खुणेचे दोन अर्थ लावले जातात. थोरांपुढे मान खाली घालून उभा राहणारा मुलगा संस्कारी. तोच मुलगा पुण्यात नोकरीच्या मुलाखतीला नजर खाली ठेवून बसला की आत्मविश्वास नसलेला, आणि पोलीस चौकीत तसाच उभा राहिला की संशयित. स्वमग्न मुलांना समोरच्याच्या डोळ्यांत बघणेच जड जाते. त्यांना ‘माझ्याकडे बघून बोल’ म्हणून दरडावले की खरे सांगणारे मूलही गप्प होते.

साक्षीला जाणाऱ्यांसाठी

इंग्लंडचे न्यायमूर्ती ॲटकिन यांनी १९२४ मध्येच बजावले होते की हावभावांच्या ढिगापेक्षा साक्षीतले चिमूटभर तथ्य मोलाचे. ते तथ्य तपासायच्या रीती साध्या आहेत: आधीच्या जबाबाशी मेळ, कागदपत्रांशी मेळ, वेळेचा हिशेब, आणि अपेक्षित नसलेला एखादा साधा प्रश्न.

तुमच्यावर साक्षीची वेळ आली तर हातपाय कापतील, त्याची लाज बाळगू नका. प्रश्न समजला नाही तर ‘समजला नाही’ म्हणा, आठवत नसेल तर ‘आठवत नाही’ म्हणा. मान हलवू नका, तोंडाने उत्तर द्या, कारण कागदावर तेच येते. फौजदारी खटल्यात साक्ष संपल्यावर ती तुम्हाला वाचून दाखवावी, असे नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ३१३ सांगते. तुम्हाला कळत नसलेल्या भाषेत ती नोंदवली असेल, तर तुम्हाला कळणाऱ्या भाषेत समजावून दिली पाहिजे. चुकीचे काही उतरले असेल तर तिथेच सांगा. न्यायाधीश दुरुस्ती करतील किंवा तुमची हरकत नोंदवतील. वाचून दाखवले नाही तर मागा, आणि ऐकल्याशिवाय सही करू नका.